पालि वाङ्मयातील 'वण्ण' आणि आमच्या अर्जातील 'वर्ण'

गेल्या काही वर्षांत गावोगावी बौद्ध वधू-वर परिचय मेळावे भरू लागले आहेत. हुंड्याला फाटा, मुहूर्ताला फाटा आणि त्रिसरण-पंचशील घेऊन साधेपणाने विवाह, हा त्यामागील हेतू स्तुत्य आहे. अशाच एका मेळाव्याच्या परिचय-पुस्तिकेचे मुद्रितशोधन करण्याचे काम मध्यंतरी आमच्याकडे आले. पालि शिकविणाऱ्यास शुद्धलेखन येत असलेच पाहिजे, असा एक गोड गैरसमज आपल्याकडे आहे. अर्जांचा गठ्ठा पुढ्यात होता. नाव, जन्मतारीख, शिक्षण, नोकरी, उंची, आणि उंचीच्या खाली एक रकाना : 'वर्ण'. जातीचा रकाना अर्थातच नव्हता; त्या जागी 'धम्म : बौद्ध' असे आधीच छापलेले होते.

मुलांच्या पुष्कळ अर्जांत हा रकाना रिकामा होता. मुलींच्या अर्जांत तो रिकामा असलेला आम्हांस एकही आढळला नाही. 'गोरी', 'निमगोरी', 'गव्हाळ', 'उजळ सावळी' अशा नोंदी होत्या. एका अर्जात मुलीने स्वतःच्या वळणदार अक्षरात 'सावळी' असे लिहिले होते. त्यावर दुसऱ्या शाईने रेघ ओढून कुणा वडीलधाऱ्याने 'निमगोरी' केले होते. मुलगी एम. एस्सी. झालेली होती. आम्ही कार्यकर्त्यांना विचारले, हा 'वर्ण' शब्द आपल्या अर्जात कसा आला? ते हसून म्हणाले, "अहो सर, इथे वर्ण म्हणजे कातडीचा रंग. तो वर्ण नव्हे."

तो वर्ण खरोखरच नव्हे काय, हा प्रस्तुत लेखाचा विषय आहे.

पालि भाषेत संस्कृत 'वर्ण' शब्दाचे रूप 'वण्ण' असे होते. अट्ठकथाकारांनी या शब्दाच्या अर्थांची एक यादीच दिली आहे : छवी म्हणजे कातडीचा रंग, स्तुती, कुलवर्ग, कारण, आकार, प्रमाण, आणि डोळ्यांना दिसणारे रूप. एकाच शब्दात कातडी, प्रशंसा आणि सामाजिक वर्ग हे तीन अर्थ शेजारी शेजारी नांदतात, ही गोष्ट भाषाशास्त्रज्ञाला साधी वाटेल. आमच्यासारख्यांना ती साधी वाटत नाही. 'वण्णवा' म्हणजे रूपवान आणि 'दुब्बण्ण' म्हणजे कुरूप. शब्दशः पाहिले तर दुब्बण्ण म्हणजे ज्याचा वर्ण वाईट तो. ज्यांच्या पूर्वजांना शतकानुशतके हीन वर्णाचे म्हटले गेले, त्यांनी हा शब्द ऐकताना कान टवकारले तर त्यात नवल नाही.

या शब्दाचे दोन्ही अर्थ एकत्र आणून त्यांचा निकाल लावणारे एक सुत्त आपल्या सुदैवाने उपलब्ध आहे. ते म्हणजे दीघनिकायातील सत्ताविसावे, अग्गञ्ञ सुत्त. राज्यसंस्थेच्या उत्पत्तीची मीमांसा म्हणून हे सुत्त आपल्याकडे पुष्कळदा उद्धृत होते. लोकांनी एका व्यक्तीस संमतीने राजा निवडले, तो 'महासम्मत', ही कथा विहारातील मुलांनाही पाठ असते. त्या कथेच्या आधीचा भाग मात्र घाईने उरकला जातो. आम्हांस तोच अधिक मोलाचा वाटतो.

प्रसंग असा आहे. वासेट्ठ आणि भारद्वाज हे ब्राह्मण कुळात जन्मलेले दोघे तरुण भिक्खुसंघात प्रवेश घेण्याच्या इच्छेने श्रावस्तीत राहत आहेत. भगवंत त्यांना विचारतात, तुम्ही कूळ सोडून आलात, ब्राह्मण तुम्हांला नावे ठेवीत नाहीत काय? ते सांगतात, पोटभर ठेवतात. ब्राह्मणांचे म्हणणे असे की ब्राह्मण हाच शुक्ल वर्ण, बाकीचे सारे कृष्ण; ब्राह्मण ब्रह्म्याच्या मुखातून जन्मले, आणि तुम्ही मात्र उत्तम वर्ण सोडून पायापासून जन्मलेल्या काळ्या मुंडकांच्या गोटात गेलात. येथे शुक्ल आणि कृष्ण हे शब्द वाचकांनी नीट पाहावेत. कातडीच्या रंगाची भाषा उच्चनीचतेसाठी उघडपणे वापरलेली आहे.

भगवंतांचे उत्तर स्त्रीदेहाकडे बोट दाखविते. ब्राह्मणांच्या स्त्रिया ऋतुमती होताना दिसतात, गर्भवती होताना दिसतात, प्रसूत होताना आणि बाळाला अंगावर पाजताना दिसतात. असे असून हे लोक मुखातून जन्मल्याचे सांगतात, असा त्या उत्तराचा आशय आहे. मज्झिमनिकायातील अस्सलायन सुत्तातही हाच युक्तिवाद येतो. ज्या रजस्वला आणि बाळंतीण देहाला ब्राह्मणी परंपरेने विटाळ म्हणून कोपऱ्यात बसविले, तोच देह येथे वर्णाभिमानाविरुद्धचा साक्षीदार म्हणून उभा केला आहे. भारतीय विचाराच्या इतिहासात स्त्रीच्या शरीराला इतक्या सन्मानाने पुराव्याची जागा देणारे याहून जुने उदाहरण आमच्या वाचनात नाही.

पुढे सृष्टीच्या आरंभाची कथा येते. ती इतिहास म्हणून सांगितलेली नाही, हे सांगणे नलगे. ब्राह्मणी उत्पत्तिकथेला दिलेले ते प्रत्युत्तर आहे. आरंभी जीव स्वयंप्रकाशी होते. पृथ्वीवर दुधावरच्या सायीसारखा एक रस पसरला होता. एका जीवाने तो बोटाने चाखला, मग सर्वांनी. खाण्याने देह जड झाले, आणि देहांच्या रूपात फरक पडू लागला. कोणी वण्णवान झाले, कोणी दुब्बण्ण. जे वण्णवान होते ते इतरांना तुच्छ लेखू लागले : आम्ही यांच्याहून रूपवान, हे आमच्याहून कुरूप. त्या अभिमानाच्या पायी पृथ्वीचा रस नाहीसा झाला. सारे एकत्र जमले आणि गेलेल्या चवीसाठी विलाप करू लागले.

या कथेतील क्रम अभ्यासकांच्याही नजरेतून निसटतो. चोरी नंतर येते, खोटे नंतर येते, दंड आणि राजा नंतर येतात. इतकेच नव्हे, स्त्री आणि पुरुष हा भेदसुद्धा नंतर येतो; न पेरता उगवणारा तांदूळ खाऊ लागल्यावर स्त्रीलिंग आणि पुरुषलिंग प्रकट झाले, असे सुत्तात स्पष्ट म्हटले आहे. म्हणजे रूपाचा गर्व स्त्रीच्या आधीपासूनचा आहे. नटणेमुरडणे हा बायकांचा जन्मजात स्वभाव, असे जे आपल्या घराघरांतून ऐकू येते, त्याला या सुत्तात आधार नाही. समाजाला लागलेली पहिली कीड वण्णाची, आणि तिचा शेवटचा परिणाम चार वण्णांच्या भांडणात. एका शब्दाचे दोन अर्थ सुत्तकाराने एकाच धाग्यात ओवले आहेत. अर्जातील 'वर्ण' हा 'तो वर्ण नव्हे' असे म्हणणाऱ्या आमच्या मित्रांना आम्ही एवढेच सांगू की हा 'त्या' वर्णाचा थोरला भाऊ आहे.

आता हे सुत्त कोठे सांगितले गेले ते पाहू. श्रावस्तीच्या पूर्वाराम विहारात, 'मिगारमाता प्रासादा'त. मिगारमाता म्हणजे महाउपासिका विशाखा. तिच्या नावाशी तर रूपाचे एक सबंध शास्त्रच जोडलेले आहे.

इसवी सनाच्या पाचव्या शतकाच्या सुमारास सिद्ध झालेल्या धम्मपद-अट्ठकथेत विशाखेची दीर्घ कथा येते. बुद्धकाळानंतर सुमारे हजार वर्षांनी हे लेखन झाले हे ध्यानात ठेवले पाहिजे. परंतु त्या काळच्या समाजाची सौंदर्यविषयक मोजमापे समजून घेण्यास ती कथा उत्तम साधन आहे. श्रावस्तीच्या मिगार श्रेष्ठीचा मुलगा पुण्णवड्ढन अडून बसला की पाच 'कल्याण' असलेलीच मुलगी करीन. केसकल्याण : केस मोराच्या पिसाऱ्यासारखे, सोडले असता नेसूच्या काठापर्यंत येऊन टोकाशी वर वळणारे. मांसकल्याण : ओठ तोंडल्यासारखे लाल. अट्ठिकल्याण : दात शुभ्र आणि एकसारखे. छविकल्याण : कातडीचा नितळपणा. वयकल्याण : दहा बाळंतपणे झाली तरी एकच झाल्यासारखे तारुण्य. शेवटची अट वाचताना आम्ही दर वेळी थांबतो. दहा मुले हवीत, आणि ती झाल्याची खूण मात्र अंगावर नको! आजच्या जाहिरातींनीही याहून वेगळे काही मागितलेले नाही.

मुलगी शोधण्यासाठी ब्राह्मण पाठविले गेले. साकेत नगरीत पावसाची सर आली, मुली धावत आडोशाला गेल्या. पंधरा-सोळा वर्षांची विशाखा मात्र संथ पावलांनी, भिजत आली. ब्राह्मणांनी चार कल्याणे नजरेने ताडली होती, दात तेवढे दिसले नव्हते. ते दिसावेत म्हणून त्यांनी तिला बोलते केले : ही मुलगी आळशी दिसते, हिच्या नवऱ्याला पेजसुद्धा वेळेवर मिळायची नाही. बाजारात बैलाचे दात पाहतात, तशातला हा प्रकार. विशाखेने दिलेल्या उत्तराचा सारांश असा, की काही जणांना धावणे शोभत नाही, हे एक कारण. दुसरे असे की आईबाप मुलीचा एकेक अवयव जपून तिला वाढवितात, कारण आम्ही मुली म्हणजे विकाऊ माल, धावताना पडून हात-पाय मोडला तर घरच्यांवर ओझे होऊन बसू. 'विकाऊ माल' हा शब्द आमचा नव्हे. 'विक्किणेय्यभण्ड' असा तो अट्ठकथेतच आहे, आणि तो या मुलीच्या तोंडी आहे. ब्राह्मणांनी त्या उत्तराचे कौतुक करून तिच्या गळ्यात सोन्याची माळ घातली. त्या वाक्यातील धार त्यांना जाणवली की नाही, हे अट्ठकथाकार सांगत नाहीत.

पाचांपैकी छविकल्याणाकडे आम्ही वाचकांचे मुद्दाम लक्ष वेधतो. तेथे दोन परिमाणे दिली आहेत. काळी असेल तर चूर्णे वगैरे न लावताही तिची कांती निळ्या कमळांच्या माळेसारखी तुकतुकीत; गोरी असेल तर कर्णिकाराच्या फुलांच्या माळेसारखी. दोघींना कल्याणी म्हटले आहे. भिक्खुणीसंघातील अग्रश्राविका उप्पलवण्णा हिचे नावच निळ्या कमळाच्या वर्णावरून पडले. नीलकमळाचा गाभा नक्की किती गडद यावर कोणी वाद घालू शकेल; पण बारशाच्या वेळी नाव ठेवणाऱ्यांना निळे कमळच आठवले, एवढे खरे. अट्ठकथा सांगते की तिला मागण्या इतक्या आल्या की कोणाचे मन मोडावे, हे तिच्या पित्याला कळेना.

मज्झिमनिकायाच्या महादुक्खक्खन्ध सुत्तातही ऐन उमेदीतील रूपवतीचे जे वर्णन येते, त्यात तिने फार उंच नसावे आणि फार ठेंगणी नसावे, फार कृश नसावे आणि फार स्थूल नसावे, तसेच ती 'नातिकाळी' असावी आणि 'नाच्चोदाता'ही असावी, असे म्हटले आहे. नाच्चोदाता म्हणजे अति गोरी नव्हे अशी. अति गोरेपणा हा दोष होता! आमच्या विद्यार्थिनींना हे प्रथम सांगितले तेव्हा वर्गात हशा पिकला, मग एक जण म्हणाली, "हे आमच्या आत्याला वाचून दाखवा."

अर्थात पालि वाङ्मय रंगाच्या पक्षपातापासून सर्वस्वी मुक्त होते, असा दावा आम्ही करणार नाही. सुवर्णवर्णाचे कौतुक तेथे जागोजागी आहे. महापुरुषाच्या बत्तीस लक्षणांतही सोन्यासारखी कांती हे एक लक्षण आहे. परंतु गोरे ते सुंदर आणि काळे ते कुरूप, असे एकेरी समीकरण तेथे नाही. अजिंठ्याला जाणाऱ्यांनी हे डोळ्यांनी पडताळून पाहावे. पाचव्या शतकाच्या उत्तरार्धातील पहिल्या क्रमांकाच्या लेण्यात गडद सावळ्या स्त्रिया मोत्यांच्या सरांसह, मुकुटांसह रंगविलेल्या आहेत. चित्रकाराचा हात त्यांच्यापाशी आखडलेला नाही. सोळाव्या लेण्यातील जे चित्र एकोणिसाव्या शतकापासून 'मरणोन्मुख राजकन्या' म्हणून ओळखले जाते, ती नंदाची पत्नी सुंदरी होय, असे आता अभ्यासक मानतात. पालि परंपरेत तिलाच 'जनपदकल्याणी' म्हटले आहे. देशातील सर्वांत सुंदर स्त्री चित्रकाराने दाखविली ती मान टाकलेली, पती भिक्खू झाल्याच्या वार्तेने खचलेली. कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दर्शनी भिंतीवरील दगडी स्त्रिया तर भरल्या अंगाच्या, रुंद कटीच्या, पायांत जाडजूड वाळे घातलेल्या आहेत. आजच्या कोणत्याही सौंदर्यस्पर्धेत त्यांना पहिल्या फेरीतच घरी पाठविले जाईल.

कृशपणाचेच पाहा. पुत्रशोकाने वेडी होऊन मोहरीसाठी दारोदार फिरलेली किसागोतमी आपल्या सर्वांना ठाऊक आहे. 'किसा' हे तिचे नाव नव्हे. नाव गोतमी; अंगाने वाळलेली म्हणून किसा, म्हणजे किडकिडीत. गरीब घरची लेक म्हणून सासरी तिची हेटाळणी होत असे, आणि मुलगा झाल्यावरच तिला मान मिळाला, असे अट्ठकथा सांगते. तो मुलगा गेला तेव्हा तिच्या हातून काय काय गेले असेल, याचा विचार केला म्हणजे त्या मोहरीच्या कथेचा अर्थ अधिक खोल जातो. त्या काळी गरिबीने वाळलेला देह ही लाजिरवाणी गोष्ट होती. आज २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयोगटातील ५७ टक्के भारतीय स्त्रियांच्या अंगात रक्त कमी आढळले आहे, आणि त्याच देशात मुली सडपातळ दिसण्यासाठी दुपारचे जेवण टाळतात. आदर्श उलटला, अन्न मात्र दोन्ही वेळा बाईच्याच ताटातून कमी झाले.

रूपाचे अर्थकारण पाहावयाचे तर विनयपिटकातील महावग्गाचा आठवा खंधक वाचावा. वैशाली समृद्ध होती, आणि अंबपाली गणिकेमुळे ती अधिकच शोभत होती. तिचा एका रात्रीचा दर पन्नास कहापण. राजगृहाच्या एका व्यापाऱ्याने हे पाहून राजा बिंबिसाराला सुचविले की आपणही एक गणिका उभी करावी. सालवती नावाची मुलगी निवडण्यात आली, आणि राजगृहाने दर ठेवला शंभर कहापण. दोन नगरांची चढाओढ स्त्रीच्या देहावरून चालली होती. याच सालवतीने जन्मतःच उकिरड्यावर टाकावयास लावलेला मुलगा पुढे वैद्य जीवक झाला. १९९४ साली एकाच वर्षी दोन भारतीय तरुणी विश्वसुंदरी आणि जगत्सुंदरी ठरल्या, आणि देशाचा गौरव झाल्याचे सर्वत्र लिहिले गेले, तेव्हा आम्हांस वैशाली आणि राजगृह आठवले होते. त्या तरुणींविषयी आमची काही तक्रार नाही. नगराची शोभा वाढविण्याचे काम बाईच्या कातडीकडे सोपविण्याची सवय किती जुनी आहे, एवढेच आम्हांस म्हणावयाचे आहे.

अंबपालीची गाथा मात्र नगराने लिहिलेली नाही. थेरीगाथेच्या वीसनिपातात एकोणीस कडव्यांत वृद्ध अंबपाली आपले केस, भुवया, डोळे, नाक, कान, दात, गळा, हात असे करीत तळपायांपर्यंत येते. एकेकाळी काय होते आणि आता काय आहे, ते शांतपणे सांगते. गिऱ्हाइकाची नजर तिच्या देहावरून ज्या क्रमाने फिरली असेल, त्याच क्रमाने ती स्वतः फिरते. पण आता पाहणारी तीच आहे. रडगाणे नाही, किळस नाही. गिलावा पडलेल्या घराकडे घरधनिणीने पाहावे तसे ते पाहणे आहे.

येथे एक आक्षेप येतो, आणि तो टाळणे अप्रामाणिकपणाचे होईल. बौद्ध वाङ्मयात देहाच्या अशुभ बाजूचे चिंतन आहे, आणि उदाहरणादाखल पुष्कळदा स्त्रीचाच देह घेतला आहे. वर उल्लेखिलेल्या महादुक्खक्खन्ध सुत्तातही रूपवती आधी म्हातारी, मग रोगी, मग प्रेत होते. जातककथांत तर स्त्रीनिंदेची रेलचेल आहे. आधुनिक स्त्री-अभ्यासकांनी याकडे बोट दाखविले, ते योग्यच केले. सतिपट्ठान सुत्तात जे देहाचे भाग मोजले आहेत ते 'या काये'चे, म्हणजे साधकाच्या स्वतःच्या देहाचे आहेत, स्त्रीचे नव्हेत, हे खरे. पण केवळ तेवढ्याने सुटका होत नाही. ग्रंथ जतन करणारे हात भिक्खूंचे होते, आणि त्या हातांचे ठसे ग्रंथांवर उमटले आहेत. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५१ साली 'महाबोधि' नियतकालिकातील हिंदू स्त्रीच्या उत्थान-पतनावरील आपल्या लेखात स्त्रियांविषयीच्या एका प्रसिद्ध उताऱ्याची अशीच चिकित्सा केली होती, आणि तो मागाहून भिक्खूंनी घातलेला असावा असा निष्कर्ष काढला होता. श्रद्धेने वाचणे आणि डोळे मिटून वाचणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे आम्ही त्यांच्याकडून शिकलो.

अंगुत्तरनिकायाच्या चतुक्कनिपातातील मल्लिकादेवीचे सुत्त या दृष्टीने आम्हांस सर्वांत अवघड वाटते. माळा करणाऱ्याची ही मुलगी कोसलराज पसेनदीची राणी झाली. ती भगवंतांना विचारते, काही स्त्रिया कुरूप आणि दरिद्री, काही कुरूप पण धनवान, काही सुरूप पण दरिद्री, असे का? उत्तर मिळते की जी रागीट असते ती पुढील जन्मी कुरूप होते, जी दान देत नाही ती दरिद्री होते. तेव्हा ती राणी स्वतःविषयी म्हणते की मी मागल्या जन्मी रागीट असले पाहिजे, म्हणून आज अशी कुरूप आहे; आणि मत्सर केलेला नसला पाहिजे, म्हणून या राजवाड्यात क्षत्रिय, ब्राह्मण आणि गृहपती घरांतल्या मुली माझ्या हुकमतीत आहेत.

बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्याचा धम्म' या ग्रंथात मागल्या जन्माच्या कर्माने या जन्मीचे भोग ठरतात या कल्पनेची जी कठोर तपासणी केली आहे, ती मानणाऱ्या आम्हांला हे उत्तर भगवंतांचे म्हणून स्वीकारता येत नाही. ज्या तर्काने अस्पृश्याला त्याच्या अस्पृश्यतेबद्दल जबाबदार धरले गेले, तोच तर्क येथे सावळ्या किंवा ठसठशीत चेहऱ्याच्या बाईला तिच्या चेहऱ्याबद्दल जबाबदार धरतो. पण ते उत्तर बाजूला ठेवले तरी मल्लिकेचे वाक्य उरते. माळीणीची लेक, उच्च कुळांतील मुलींवर अधिकार चालविणारी, कोसलाची राणी. आणि तरीही आरसा पाहिला की तिला स्वतःत कुरूपता दिसते. हा आरसा तिच्या हाती कोणी दिला असेल?

ज्या समाजातून आपण आलो, त्याचा इतिहास येथे जोडून पाहणे आवश्यक आहे, कारण आपल्या आया-आज्यांच्या देहावर केवळ कातडीचाच नव्हे, तर वस्त्राचा आणि दागिन्याचाही वर्ण लादलेला होता. बेबीताई कांबळे यांनी 'जिणं आमुचं' या १९८६ साली पुस्तकरूपाने आलेल्या आत्मकथनात नोंदवून ठेवले आहे की महार स्त्रीला लुगड्याचे काठ दिसणार नाहीत अशा रीतीने ते निऱ्यांत दडवून नेसावे लागे; काठ मिरविण्याचा अधिकार वरच्या जातींचा. त्रावणकोरात पुलया स्त्रियांना गळ्यात दगडी मण्यांच्या माळाच घालाव्या लागत. १९१५ साली कोल्लमजवळच्या पेरिनाड येथे अय्यनकाळी यांच्या प्रेरणेने भरलेल्या सभेत स्त्रियांनी त्या माळा तोडून टाकल्या. बारा वर्षांनी, डिसेंबर १९२७ मध्ये, महाडला मनुस्मृतीचे दहन झाले, आणि त्याच परिषदेच्या वेळी बाबासाहेबांनी स्त्रियांची सभा घेऊन त्यांना लुगडे नेसण्याची पद्धत बदलावयास सांगितले. गळ्यात एकावर एक गळसऱ्या आणि कोपरापर्यंत कथलाचे, चांदीचे गोठ ही तुमच्या अस्पृश्यतेची खूण आहे, ती उतरवा, स्वच्छ राहा, असा त्या भाषणाचा आशय होता. स्त्रियांनी ते लगोलग अमलात आणले.

काही टीकाकार म्हणतात, हे सवर्ण स्त्रीचे अनुकरण झाले. आम्हांस तसे वाटत नाही. दागिना सुंदर की कुरूप, हा प्रश्न महाडला नव्हताच. दुरून बाई दिसताच तिची जात ओळखता यावी, ही व्यवस्था त्या गोठांत होती, आणि ती व्यवस्था उतरवावयाची होती. उपासिकेने नटू नये असा आदेश धम्मातही नाही. पंचशीलात अलंकारांचा उल्लेख नाही, माळा-गंध-विलेपनाचा त्याग उपोसथाच्या दिवशी अष्टशीलात येतो. विशाखेच्या अंगावर तर नऊ कोटींचा आणि एक लाख घडणावळीचा 'महालता' अलंकार होता. जेतवनात धम्म ऐकावयास जाताना तिने तो उतरविला, दासी तेथेच विसरली, आनंद थेरांनी तो उचलून ठेवला. विशाखेने तो परत घेतला नाही. विकावयास काढला तेव्हा तेवढी किंमत देणारा कोणी मिळेना, म्हणून तिनेच ती रक्कम भरली आणि त्या द्रव्यावर पूर्वारामाची उभारणी झाली. जिला विकाऊ माल म्हणून पारखले गेले होते, तिने आपल्या अंगावरचा माल विकून जी वास्तू बांधली, त्याच वास्तूत पुढे वण्णाच्या अभिमानाने पृथ्वीचा रस कसा आटला ती कथा सांगितली गेली.

गोठ गेले, काठ दिसू लागले. कातडी मात्र उतरविता येत नाही. म्हणूनच बाजाराने तिला हेरले. गोरेपणाचे एक प्रसिद्ध क्रीम भारतात १९७५ साली विक्रीस आले. काळी मुलगी, क्रीम, गोरी मुलगी, नोकरी, नवरा, अशी त्याची जाहिरात वर्षानुवर्षे चालली. २०२० साली जगभर वंशभेदाविरुद्ध क्षोभ उसळल्यावर कंपनीने नावातील 'फेअर' काढून 'ग्लो' घातले. डबी दुकानात त्याच जागी आहे. आमच्या वस्तीतल्या किराणा दुकानात तिच्या छोट्या पुड्या माळेसारख्या टांगलेल्या असतात, आणि बाबासाहेबांच्या प्रतिमेखालून शाळेत जाणाऱ्या मुली त्या विकत घेतात. त्यांना दोष देण्यापूर्वी त्यांच्या अर्जात पुढे कोणता रकाना येणार आहे, हे आपण आठवावे.

त्या अर्जांचे काय झाले ते सांगावयाचे राहिले. आम्ही मुद्रितावर 'वर्ण' या शब्दाभोवती वर्तुळ काढून समासात लिहिले, "हा रकाना कृपया वगळावा", आणि खाली अग्गञ्ञ सुत्ताचा संदर्भ दिला. पुस्तिका छापून आली तेव्हा 'वर्ण' शब्द खरोखरच नव्हता. त्या जागी 'रंग' असा शब्द होता. शुद्धलेखनाची दुरुस्ती समजून त्यांनी ती केली असावी. दुसरी एक दुरुस्ती मात्र राहिली होती. अर्जदाराने स्वतः लिहिलेला शब्द ग्राह्य धरावा, या मुद्रितशोधनाच्या नियमावर बोट ठेवून आम्ही त्या एम. एस्सी. मुलीच्या नावापुढे तिचा मूळ शब्द परत लावला होता. पान एकोणचाळीसवर तो तसाच आहे : सावळी. तिच्या वडिलांचा फोन येईल अशी आम्हांस धास्ती होती. अद्याप आलेला नाही.